रिकामे डबे वाहणारा ईश्वर

लोणखेड्याचा ईश्वर पाटील बावीस वर्षं कंटेनर वाहत होता, आणि त्यातली निम्मी वर्षं त्याने वारा वाहिला असं त्याचं स्वतःचंच म्हणणं होतं.

वडील छगन पाटील शेतकरी. त्यांच्या बैलगाडीच्या काळात शहाद्याच्या बाजारात कापूस घातला की गाडी परत येताना रिकामी आणायची नाही, हा त्यांचा नेम. सरकी, ढेप, मीठ, नाहीतर वाटेत कुणाचे तरी दगड, पण गाडीत काहीतरी हवंच. ईश्वरने हे लहानपणी पाहिलं होतं. पुढे तो आधी उसाचा ट्रॅक्टर, मग पपईचा ट्रक आणि शेवटी बारा चाकांची ट्रेलर चालवायला लागला, तेव्हा म्हातारे एकदा हजिरा बंदर पाहायला म्हणून त्याच्या शेजारी बसून गेले होते. जाताना चाळीस फुटी कंटेनर रिकामा होता. छगन पाटलांनी सोनगड येईपर्यंत कळ काढली आणि मग विचारलंच.

"हाई येवढी मोठी पेटी, मधमा काय शे?"

"काही नही बा. रिकामी शे."

"कोठे जाई?"

"चीनले."

म्हाताऱ्यांनी आरशातून मागच्या पेटीकडे पाहिलं. मग म्हणाले, "येवढा लांब, रिकामी?" आणि मान फिरवून खिडकीबाहेर पाहत राहिले. ईश्वरला तेव्हा उगाच लाजल्यासारखं झालं, जणू चीनपर्यंत ती पेटी रिकामी धाडण्याचा बेत त्यानेच केला होता.

खरं तर त्यात त्याचा काय हात असणार? बंदरावरून तो भरलेला डबा उचलायचा. ड्रायव्हर मंडळी कंटेनरला डबाच म्हणतात. कधी त्यात विणकामाची यंत्रं असत, कधी कापडाचे तागे, कधी पंख्यांचे सुटे भाग, एकदा तर नुसती प्लास्टिकची फुलं निघाली. नवापूरच्या औद्योगिक वसाहतीत नाहीतर सुरतेत माल उतरला की तोच डबा परत बंदरावर नेऊन सोडायचा. तिथून तो जहाजावर चढे आणि ज्या देशातून आला त्या देशात रिकामाच परत जाई.

रिकाम्या डब्याची ट्रेलर चालवायला सोपी असते असं लोकांना वाटतं. ईश्वरला ती मुळीच आवडत नसे. रस्त्यावर ती उड्या मारते, साखळ्या खणखणतात, मोकळ्या माळावर आडवा वारा लागला तर स्टिअरिंग हातातून खेचतं. भरलेली गाडी कशी जमिनीला धरून, शहाण्या जनावरासारखी चालते. घरून निघताना बायको सीमा जेवणाचा डबा बांधून देई आणि हसून विचारी, "आज काय लई जाई ऱ्हायनात? वाराच का?"

"वाराच," तो म्हणायचा.

बंदरावर त्याची एका माणसाशी चांगली ओळख होती. अजित, मूळचा नवापूरचा, एका जहाज कंपनीच्या रिकाम्या डब्यांच्या आवारात कामाला. आत येणारा प्रत्येक डबा तपासून घ्यायचा, हे त्याचं काम. आपल्याकडचा म्हणून ईश्वर त्याच्यासाठी कधी पपया न्यायचा, आणि अजित त्याला कॅन्टीनचा चहा पाजायचा. अशाच एका चहाला ईश्वरने मनातला प्रश्न विचारला होता.

"अजितभाऊ, हे डबे रिकामेच का धाडतात?"

"कारण चीन आपल्याला विकतो भरपूर आणि आपल्याकडून घेतो थोडं. दहा डबे भरून आले तर भरायला माल मिळतो दोन-तीन डब्यांपुरता. उरलेले काय इथं ठेवायचे?"

"म्हणजे आपणच मागे पडलो."

"आपण एकटे कुठे? अमेरिकेतूनही चीनला रिकामेच जातात. आपल्यापेक्षा कितीतरी जास्त."

ईश्वरला हे खरंच वाटेना. अमेरिका म्हणजे सगळ्यांना सगळं विकणारा देश, अशी त्याची समजूत. "मग अमेरिका चीनले देस काय?"

"डॉलर. चीनवाले ते डॉलर साठवतात आणि त्यातले बरेचसे परत अमेरिकेलाच उसने देतात. अमेरिका त्यावर आणखी माल घेते."

ईश्वरने चहाचा कप खाली ठेवला. "म्हणजे दुकानदारच गिऱ्हाइकले पैसा दीसनी आपलाच माल इकस?"

अजित हसला. "तसंच काहीसं. आणि वर दोघं एकमेकांवर चिडलेले असतात. तो म्हणतो, तू फार विकतोस. हा म्हणतो, मग तू घेतोस कशाला?"

त्या दिवशी परतताना ईश्वरला जरा हलकं वाटलं होतं. जगातला सगळ्यात मोठा गडीही रिकामे डबे परत करतो म्हटल्यावर लोणखेड्याच्या ड्रायव्हरने किती वाईट वाटून घ्यायचं?

मग कोरोना आला. काही महिने गाडी अंगणात उभी राहिली, ईश्वरने शेतात पाणी भरलं, सीमाने त्याला बसल्या बसल्या भाकरी थापायला शिकवण्याचा प्रयत्न करून पाहिला. पुढे रस्ते उघडले आणि दिवाळीनंतर काम असं काही सुटलं की विचारू नका. मात्र त्यात एक नवीनच तऱ्हा होती. पूर्वी बंदरावरून सांगत, डबा आठवड्याभरात आणून सोडा. आता फोनवर फोन येत, डबा कुठंय, उतरला का, ताबडतोब आणा. इकडचा माल भरायला थांबू नका, रिकामाच आणा.

"येवढी कसानी घाई?" ईश्वरने अजितला विचारलं.

"अमेरिकेतले लोक घरात बसलेत आणि बसल्या बसल्या खरेदी करतायत," अजित म्हणाला. "टेबलं, टीव्ही, व्यायामाची यंत्रं, सगळं चीनहून. तिकडच्या डब्याला भाडं इतकं वाढलंय की कंपन्यांना आपल्या मालासाठी थांबायला वेळ नाही. खुद्द अमेरिकेतले शेतकरी सोयाबीन घेऊन बंदरावर उभे आहेत, त्यांनाही डबा देत नाहीत. चला, रिकामे परत चला, पुन्हा भरून या, एवढंच."

जानेवारीतल्या एका मंगळवारी ईश्वरने नवापूरच्या एका कारखान्यात यंत्रं उतरवली आणि रिकामा डबा घेऊन तो महामार्गावरच्या ओळखीच्या हॉटेलात चहाला थांबला. डबा बाहेर उन्हात उभा. शेजारच्या बाकड्यावर एक तिशीतला माणूस, मास्क हनुवटीखाली ओढलेला, फोनवर अगदी रडकुंडीला येऊन बोलत होता.

"एकच द्या हो. एकच कंटेनर. वीस दिवस झाले, माल बांधून तयार आहे… पुढच्या महिन्यात? पुढच्या महिन्यात मी काय करू?"

फोन ठेवून तो समोरच्या भजीकडे नुसता पाहत बसला. ईश्वर उठून त्याच्याजवळ गेला.

"काय माल शे, भाऊ?"

"मिरची," तो म्हणाला. "नंदुरबारची."

त्याचं नाव कुंदन. नंदुरबारला त्याची पथारी होती, म्हणजे लाल मिरची वाळत घालायचं मोकळं मैदान. आजवर वडिलांच्या मागे तो मोठ्या व्यापाऱ्यांना मिरची देत आलेला. या वर्षी हिंमत करून त्याने चीनमधल्या एका खरेदीदार बाईंशी थेट बोलणी केली होती. मिरची वाळली, देठं खुडून झाली, गोण्या शिवून झाल्या, सरकारी दाखले आले. डबा तेवढा मिळेना. शेड भरलं म्हणून नवी मिरची घेता येईना. पथारीवर सातपुड्यातल्या चाळीस बाया देठं खुडायला होत्या, त्यांना आता सोमवारपासून येऊ नका म्हणून सांगायचं होतं, आणि ते सांगण्याचा धीर होत नाही म्हणून तो सकाळपासून नवापुरातली वाहतूक कार्यालयं धुंडाळत फिरत होता.

ईश्वरने सगळं ऐकून घेतलं. मग तो बाहेर बोट दाखवून म्हणाला, "भाऊ, हाऊ बाहेर उभा शे ना डबा, तो रिकामाच शे. आनि तो चीनलेच जाई ऱ्हायना."

कुंदनने आधी डब्याकडे पाहिलं, मग ईश्वरकडे. थट्टा करतोय की काय, असं त्याला वाटलं असावं.

"तो माझा नाही," ईश्वर म्हणाला. "मी आपला हाकणारा. पण विचारून पाहायला काय जातं?"

त्याने तिथूनच अजितला फोन लावला. अजितने सरळ नाही म्हटलं. जहाज शनिवारी आहे, रिकामे डबे शुक्रवारी संध्याकाळी पाचच्या आत हवेत, वरून सक्त हुकूम आहे.

"मान्य," ईश्वर म्हणाला. "पन मन्ही गोट आयकी ले. हा डबा शुक्रवारी पाचच्या आत तुझ्या दारात आला, फक्त रिकामा न येता भरून आला, तर कंपनीचं काय बिघडतं? जहाज तेच, गावही तेच. वर तुम्हाला भाडं मिळेल."

"बिघडतं," अजित म्हणाला. "रिकामा डबा तिकडे उतरला की दुसऱ्या दिवशी अमेरिकेला जाणारा माल भरतात. भरलेला गेला तर आठवडाभर कुणाच्या तरी गोदामात अडकतो. कंपनीला तो आठवडाच परवडत नाही."

ईश्वरने फोनवर हात ठेवला. "कुंदनभाऊ, तुम्हना माल तठे कोठे उतरस?"

"बंदराजवळच बाईंचं गोदाम आहे."

"एका दिवसात डबा मोकळा करून देतील का? लेखी?"

कुंदनने लगेच मोबाइलवर लिहायला घेतलं. चीनमध्ये तेव्हा दुपार कलायला आली होती. दोघं उत्तराची वाट पाहत बसले. ईश्वरने मधल्या वेळात कुंदनची गार झालेली भजी त्याला खायला लावली. पाऊण तासाने उत्तर आलं. बाईंनाही मिरची हवीच होती. डबा ज्या दिवशी येईल त्याच दिवशी माणसं लावून रिकामा करू, असं त्यांनी लिहून दिलं. ते पत्र अजितकडे गेलं, अजितकडून त्याच्या साहेबाकडे, आणि चार वाजता अजितचा फोन आला.

"साहेब हो म्हणालेत. ईश्वरभाऊ, शुक्रवारी पाच म्हणजे पाच. आणि डबा खाण्याचा माल भरण्याजोगा आहे का ते तुम्ही बघा. तिकडे तक्रार झाली तर माझी नोकरी जाईल."

बुधवारी सकाळी ट्रेलर कुंदनच्या पथारीवर शिरली तेव्हा सगळीकडे लालच लाल होतं. ठसक्याने ईश्वरचे डोळे भरून आले. रुमाल बांधलेल्या बाया ओळीने बसून देठं खुडत होत्या. त्यांची मुकादम रूपलीबाई, मोलगीकडच्या डोंगरातली, पन्नाशीची, काटक बाई. पूर्वी ती दर हंगामाला गुजरातेत ऊसतोडीला जायची. गावाकडच्या चाळीस बाया गोळा करून ती नंदुरबारला येऊ लागली त्याला सहा वर्षं झाली होती. आपसात त्या भिली बोलत, पण पथारीवर रूपलीबाई अहिराणीत व्यवहार करी.

डबा पारखायची ईश्वरची एक रीत होती. आत जायचं, बाहेरून दारं लावून घ्यायची, आणि अंधारात उभं राहून कुठून उजेड येतो का ते पाहायचं. जिथून उजेड येतो तिथून समुद्राचं पाणीही येतं. तो आत चढला तशी रूपलीबाई त्याच्यामागे चढली.

"बाई, आत अंधार होईल."

"होऊ दे. मन्हा हातनी मिरची शे, मी दखसू."

कुंदनने दारं लावली. आतमध्ये मिट्ट काळोख आणि यंत्राच्या तेलाचा उग्र वास. दोघं उजेड शोधत उभे राहिले. डोळे सरावल्यावर रूपलीबाईनेच आधी पाहिलं. वरच्या कोपऱ्यात सुईच्या टोकाएवढा उजेड.

"दादा, तठे."

ईश्वरने बॅटरी लावून तिथे खूण केली. दारं उघडल्यावर त्याने पत्रा खरवडून भोक बुजवलं, वरून पट्टी चिकटवली, दारं लावून पुन्हा पाहिलं. आता काळोख अगदी घट्ट होता. पण तेलाचा वास काही जाईना. लाकडी तळावर दोन-तीन ठिकाणी तेल सांडलेलं होतं. ईश्वर गुडघ्यावर बसून ते हुंगत होता आणि त्याचा चेहरा उतरत चालला होता. असा डबा आवारात कुणी पाहिला तर मिरचीसाठी नाकारणार, हे त्याला ठाऊक होतं.

रूपलीबाईने खाली उडी मारली आणि बायांना हाक दिली. कुंदनला तिने लाकडाचा भुसा आणायला पिटाळलं. आठ बाया आत चढल्या. भुसा पसरून, पायाने रगडून त्यांनी तेल उचललं, झाडलं, पुन्हा पसरला, पुन्हा झाडला. मग राख, मग साबणाचं पाणी, मग कोरडी फडकी. दुपारभर दोन्ही दारं सताड उघडी ठेवून डबा उन्हाकडे तोंड करून उभा केला. संध्याकाळी रूपलीबाईने आत जाऊन एक मूठभर मिरची तळावर ठेवली आणि ती तशीच ठेवून मुक्कामावर गेली.

गुरुवारी सकाळी तीच मिरची तिने उचलून हुंगली, ईश्वरला हुंगायला दिली, कुंदनला दिली. मिरचीला मिरचीचाच वास येत होता.

"भरा," ती म्हणाली.

तळाला जाड कागद अंथरून गोण्या भरायला सुरुवात झाली. साडेपाचशे गोण्या. हमाल डोक्यावरून आणत, आत रचत. ईश्वर दाराशी उभा राहून वजन दोन्ही बाजूंना सारखं पडतंय ना, ते पाहत होता. जेवणाच्या वेळी तो आणि रूपलीबाई ट्रेलरच्या सावलीत बसले. तिने नागलीची भाकर आणि ठेचा त्याच्यापुढे सरकवला.

"दादा, हाई गाडी येताना काय लयनी व्हती?"

"कापड विणायची यंत्रं."

"आनि आम्ही नही भरतूत तर रिकामी जाती?"

"हो. पार चीनपर्यंत."

तिला हे फार विचित्र वाटलं. "मोलगीना बाजारले जीप खाले येस तवय आमचूर नाहीतर चारोळी ऱ्हास," ती म्हणाली, "वर जास तवय मीठ, तेल, कपडा. जीपवाला रिकामा जायच नही. तो बठेल ऱ्हास, पन रिकामा जात नही." मग तिने विचारलं, "तो चीनवाला येवढा माल धाडस, तर त्याले काहीच लागत नही का?"

"लागतं. आपण विचारत नाही, कधी तो घेत नाही, कधी डबाच मिळत नाही." ईश्वरला याहून जास्त सांगता येईना. वडिलांनी सोनगडच्या अलीकडे विचारलेला प्रश्न या बाईने दुसऱ्या तोंडाने विचारला होता, आणि आज पहिल्यांदा त्याला त्याची लाज वाटली नाही. तो भाकर खात समोरच्या गोण्यांकडे पाहत राहिला.

शुक्रवारी उजाडता उजाडता तो निघाला. डब्याला शिक्का लागलेला, कागद कुंदनच्या हातात, आणि कुंदन शेजारच्या सीटवर. विसरवाडी, नवापूर, सोनगड, व्यारा. गाडी रस्त्याला धरून चालत होती. चढावर इंजिन कण्हलं की ईश्वरला बरं वाटायचं. कुंदन मात्र दर दहा मिनिटांनी घड्याळ पाही.

"काका, पोचू ना?"

"बस रे, पोचतो."

सुरत ओलांडून हजिऱ्याच्या रस्त्याला लागले तेव्हा एक वाजला होता, आणि तिथे कुंदनच्या तोंडचं पाणी पळालं. बंदराच्या अलीकडे तीन किलोमीटरपासून ट्रेलरची रांग लागलेली. हलायचं नाव नाही. ड्रायव्हर खाली उतरून सावलीत पत्ते खेळत होते. पुढचा एक जण सांगत होता की तो काल दुपारपासून उभा आहे.

"संपलं," कुंदन म्हणाला.

ईश्वर खाली उतरला आणि रांगेच्या कडेने चालत पुढे गेला. प्रत्येक ट्रेलरच्या डब्यावर हाताने थाप मारत गेला. ठण्ण. ठण्ण. ठण्ण. सगळे रिकामे. अर्ध्या वाटेवर त्याला पहारेकरी भेटला. त्याच्याशी दोन शब्द बोलून तो पळतच परत आला. पन्नाशीला आलेला माणूस पळताना पाहून पत्तेवाल्यांनी शिट्ट्या मारल्या.

"हाई रांग रिकामा डबासनी शे!" तो धापा टाकत म्हणाला. "भरलेल्यांचं फाटक वेगळं आहे. उजवीकडून."

भरलेल्या मालाच्या फाटकावर सात गाड्या होत्या. सातच. सगळ्या मुलखाचा माल डब्यावाचून अडून बसलेला, म्हणून तिकडे फारसं कुणी नव्हतंच. वजनकाटा झाला, कागद पाहिले, शिक्क्याचा क्रमांक जुळवला. तीन वाजायच्या आत ट्रेलर आत गेली. अजित मोटरसायकलवरून आला, डब्याभोवती एक फेरी मारली, आणि दारापाशी नाक नेऊन मोठ्ठा शिंकला.

"मिरचीच आहे," तो म्हणाला. "तेल नाही."

क्रेनने डबा उचलला तेव्हा कुंदनने मोबाइलवर फोटो काढला. ईश्वर बाजूला उभा होता. डबा वर जाताना हेलकावला नाही, जड वस्तू उचलतात तसा संथ वर गेला. वीस वर्षांत बंदराच्या आत असा उभा राहून त्याने कधी काही पाहिलं नव्हतं. डबा सोडला की पावती घेऊन मागे वळायचं, एवढंच त्याला ठाऊक. त्या दिवशी तो डबा दिसेनासा होईपर्यंत थांबला, आणि मग कुंदनला म्हणाला, "चल, आता जेवू. मला भूक लागलीय."

फेब्रुवारीत चीनहून त्या खरेदीदार बाईंचं पत्र आलं. मिरची उत्तम, डबा त्याच दिवशी मोकळा केला, आणखी पाठवा. एक डबा वेळेवर मोकळा झालेला पाहून अजितच्या साहेबाचाही विश्वास बसला. नवापुरात जे डबे उतरत त्यातला एखादा तो कुंदनसाठी सोडू लागला. त्या हंगामात असे अकरा डबे गेले. त्यातले सहा ईश्वरने स्वतः नेले. रूपलीबाईच्या बाया होळीच्या चार दिवस आधीपर्यंत कामावर होत्या, आणि मग सगळ्या मिळून चार जीप करून गाणी म्हणत डोंगरात गेल्या.

कुंदनने ईश्वरपुढे पाकीट धरलं होतं. गाडीचं भाडं मला मिळतंच, असं सांगून त्याने ते परत केलं. मग कुंदनने सीमासाठी एक साडी आणि निवडक मिरचीची एक गोणी घरी पाठवली. ती मिरची लोणखेड्याच्या अर्ध्या गल्लीने वर्षभर खाल्ली.

दोन वर्षांनी ईश्वरचे गुडघे कुरकुरू लागले. ट्रेलरच्या पायऱ्या चढवेनात. तेव्हा कुंदनने आणि आणखी दोघा व्यापाऱ्यांनी मिळून त्याला नंदुरबारला बोलावलं. भरायला येणारा प्रत्येक डबा पारखून घ्यायचा, आणि नवापुरात कुणाचा डबा रिकामा होतोय याची खबर ठेवायची. हंगामात काम, एरवी शेत. रोज रात्री घरचं जेवण. "आते काय वाहतस?" सीमा विचारते, आणि तो म्हणतो, "आते मी फक्त दखस."

गल्लीतच गायत्री मॅडम राहतात. त्या लोणखेड्याच्या महाविद्यालयात अर्थशास्त्र शिकवतात. पंचवीस साली अमेरिकेने जगभरच्या मालावर जकाती वाढवल्या आणि चीननेही अमेरिकेच्या मालावर वाढवल्या, तेव्हा वर्तमानपत्रात रोज व्यापारतुटीच्या बातम्या येत. मॅडमनी वर्गात व्यवहारतोल हा धडा दोनदा शिकवला, पोरं जांभया देत राहिली. शेवटी त्या एका संध्याकाळी ईश्वरकडे आल्या. "भाऊ, एक तास माझ्या वर्गावर या."

"मी? मी दहावी नापास शे, मॅडम."

"म्हणूनच या."

सीमाने त्याला इस्त्रीचा शर्ट घालून पाठवलं. पहिली पाच मिनिटं त्याला घाम फुटला. मग त्याने डब्याची गोष्ट सुरू केली आणि पोरं पुढे सरकून बसली. तीन किलोमीटरच्या रांगेपाशी तर मागच्या बाकावरचेही ऐकू लागले. शेवटी चेतना नावाची एक मुलगी उठली.

"काका, मग आपली चीनशी तूट आहे ती वाईटच ना? आणि अमेरिकेची तर केवढी!"

फळ्यावर मॅडमनी काढलेला बाण इकडून तिकडे जात होता, त्याकडे ईश्वरने पाहिलं.

"माझ्या घराची किराणा दुकानाशी आयुष्यभर तूटच आहे," तो म्हणाला. "मी दर महिन्याला त्याच्याकडून घेतो, त्याने माझ्याकडून आजवर काही घेतलं नाही. त्याने माझं काही अडलं नाही. कारण मी गाडी चालवत होतो, कुणाला तरी माझं काम हवं होतं. म्हणजे एकाशी तूट असली तरी चालतं. पण ज्याचं कामच कुणाला नको, आणि तरी तो घेतच राहिला, त्याचं अवघड." त्याने मॅडमकडे पाहिलं. "देशांचं असंच असतं का, ते मला माहीत नाही. ते मॅडमना विचारा. मला डब्याचं माहीत आहे. डबा परत जाणारच असतो. त्यात घालायला आपल्याकडे काहीतरी बरं असलं पाहिजे, आणि ते वेळेवर तयार पाहिजे."

मॅडमनी त्यावर पुढे बरंच समजावून सांगितलं. भांडवल कसं येतं, कर्ज कसं साठतं, रुपया का घसरतो. ईश्वर शेवटच्या बाकावर जाऊन बसला आणि त्यानेही ते ऐकलं. त्यातलं निम्मं त्याला कळलं, आणि तेवढ्यानेही तो खूश झाला.

तास संपल्यावर मॅडमनी त्याला चहाला थांबवलं. मग तो पपईच्या मळ्याच्या कडेने चालत घरी आला. सीमा ओट्यावर लसूण सोलत बसली होती.

"काय सांगं पोरेसले?"

"जे माहीत व्हतं ते."

"आनि त्यासनी आयकं?"

"आयकं," तो म्हणाला, आणि तिच्यासमोर बसून त्यानेही चार कुड्या लसूण सोलायला घेतल्या.